किनाऱ्यावरच्या आठवणी लिहिताना: पहिल्या चिठ्ठीपासून पहिल्या खर्ड्यापर्यंत

कोकण किनाऱ्यावर वाढलेला माणूस आठवणी लिहायला बसला की पहिल्या पानावर लाटा, माड, मावळता सूर्य आणि आजी हजर होतात. चारही खऱ्याच असतात. पण ते पान वेंगुर्ल्यात तांडेलाच्या, म्हणजे होडीच्या म्होरक्याच्या, घरात वाढलेल्या मुलीचं आहे, की मे महिन्यापुरत्या मुरूडला येणाऱ्या पाहुण्याचं, ते ओळखू येत नाही. हा लेख पहिल्यांदाच आत्मपर लिहू पाहणाऱ्यांसाठी आहे. भाषा सजवायची कशी, हे इथे सापडणार नाही. आठवणी गोळा कशा करायच्या, त्यांची पारख कशी करायची आणि त्या पारखीत आपण स्वतः कुठे हाती लागतो, एवढाच विषय आहे.

सामान फार नाही. पोस्टकार्डाच्या आकाराच्या शंभरेक चिठ्ठ्या, दोन रंगांची पेनं, एक ए-३ कागद, आवाज रेकॉर्ड करणारा फोन आणि जुन्या तारखेची तिथी दाखवणारं पंचांग. फोनवरचं पंचांगही चालतं. रोज अर्धा तास दिला तर तीन-चार महिन्यांत पहिला खर्डा उभा राहतो.

आधी कुंपण घाला

"जन्मापासून आजपर्यंत" अशी सुरुवात करणाऱ्यांचं लेखन बहुधा दहाव्या पानावर थांबतं. त्याऐवजी वेळ आणि जागा दोन्ही आवळा. वयाची तीन ते पाच वर्षं घ्या आणि किनाऱ्याचा एक तुकडा घ्या: धक्क्यापासून देवळापर्यंत, किंवा खाडीच्या तोंडापासून शाळेच्या सड्यापर्यंत, साधारण किलोमीटर-दीड किलोमीटर. त्या पट्ट्यात घडलेलं सगळं आत. बाहेरचं सध्या बाहेर.

वय निवडताना दोन गोष्टी ध्यानात ठेवा. साडेतीन-चार वर्षांच्या आधीचं बहुतेकांना स्वतःहून काही आठवत नाही. त्या काळातलं जे "आठवतं" ते घरच्यांनी सांगितलेलं किंवा फोटोत पाहिलेलं असण्याची शक्यता दाट असते. उलट, साधारण दहा ते तीस या वयातल्या आठवणी पुढे आयुष्यभर जास्त संख्येनं आणि जास्त स्पष्ट राहतात. म्हणून नवख्यानं नऊ ते चौदा हा टप्पा घ्यावा. काम समजायला लागलेलं असतं, पण मोठ्यांनी अजून सगळं सांगितलेलं नसतं. लेखनाला लागणारी फट नेमकी तिथे असते.

नकाशा काढा, न बघता

ए-३ कागदावर त्या पट्ट्याचा नकाशा आठवणीतून काढा. अर्धा तास लावा. फोन दुसऱ्या खोलीत. घरं, विहिरी, पाणंद, होड्या ओढून ठेवायची जागा, जाळी वाळत घालायची जागा, मासे वाळवायची खळी, खाडी पार करणारी होडी, म्हणजे तर, जिथे लागायची तो दगड, स्मशान, कुणाच्या आगरातून जायची मुभा होती आणि कुणाच्या नव्हती, सगळं टाका. अंतरं चुकली तरी चालतील. जिथे काहीच आठवत नाही तिथे जागा भरून काढू नका, कोरी सोडा.

मग दुसऱ्या रंगानं तीन खुणा करा: जिथे रोज जायचात, जिथे कधीतरी जायचात, आणि जिथे जायला बंदी होती. तिसरी खूण सर्वात मोलाची. बंदी कुणी घातली होती आणि कारण काय सांगितलं होतं, ते बाजूला लिहा. "खोल आहे म्हणून" आणि "ती त्यांची वाडी आहे म्हणून" या दोन कारणांत एक अख्खा समाज दडलेला असतो.

नकाशा पूर्ण झाल्यावरच उपग्रहाची छायाचित्रं उघडा. गूगल अर्थवर मागच्या वर्षांचीही चित्रं बघता येतात, पण ती बहुतेक ठिकाणी २००० नंतरचीच आहेत. त्याआधीची पुळण, म्हणजे किनाऱ्यावरची वाळू, केवढी होती ते तिथे कळणार नाही. तुमच्या नकाशात जी जागा प्रत्यक्षाहून फार मोठी झाली आहे तिच्यावर गोल करा. लहानपणी मोठं वाटलेलं मैदान प्रत्यक्षात लहान निघणं साहजिक आहे. पण एखादंच घर किंवा एखादीच वाट भलतीच लांब निघाली, तर तिथे काहीतरी आहे. भीती असेल, वाट बघणं असेल, किंवा ओझं.

चिठ्ठ्या

एका चिठ्ठीवर एकच आठवण, तीन-चार ओळींत. रोज दोन किंवा तीन; जास्त नाही. एका बैठकीत वीस लिहायला गेलात की सहाव्या-सातव्या चिठ्ठीपासून आठवण एका साच्यात पडू लागते आणि सगळ्याच आज्या प्रेमळ होतात. महिना-दीड महिन्यात साठ ते ऐंशी चिठ्ठ्या जमल्या की पुरे.

"मला काय आठवतं?" असा प्रश्न विचारला तर मन कोरं राहतं. वस्तू धरून विचारा. जाळ्याला लावायची शिशाची गोळी, काथ्याचा दोर, रॉकेलची चिमणी, होडीतलं पाणी उपसायचं भांडं, पावसाळ्याआधी ओटीच्या पुढे बांधलेली झावळांची झडप. प्रत्येक वस्तूला विचारा: ही कुणाच्या हातात होती? ती कुठे ठेवलेली असायची? ती मला कधी हाताळू दिली? वास हा या कामातला सर्वात जोरकस धागा आहे, कारण वासाच्या संवेदना भावना आणि स्मरण सांभाळणाऱ्या मेंदूच्या भागांपर्यंत इतर संवेदनांपेक्षा थेट पोचतात. सुकटीचा डबा, ओलं काथ्याचं सोडण, होडीला लावायचं तेल, यातलं जे मिळेल ते जवळ घेऊन पाच मिनिटं बसा आणि मग लिहा. ढोंग वाटेल, करून बघा.

एखादा प्रसंग अडला तर तो शेवटाकडून मागे सांगा. होडी लागली, त्याआधी काय, त्याच्या आधी काय. साक्षीदारांना बोलतं करण्यासाठी मानसशास्त्रज्ञांनी जी पद्धत बसवली तिच्यातलाच हा एक भाग आहे. नेहमीच्या क्रमानं सांगताना आपण "असंच व्हायचं" म्हणून गाळलेले तुकडे उलट्या क्रमात वर येतात.

आता प्रत्येक चिठ्ठीच्या कोपऱ्यात एक अक्षर टाका. "पा" म्हणजे स्वतः पाहिलं, "ऐ" म्हणजे ऐकलं, "फो" म्हणजे फोटोतून आलं, आणि खात्री नसेल तर "?". ही पायरी कंटाळवाणी आहे आणि बहुतेक जण ती टाळतात. टाळू नका. एक सोपी कसोटी आहे: आठवणीत तुम्ही स्वतःला बाहेरून बघता का? म्हणजे वाळूत बसलेला लाल चड्डीतला मुलगा दिसतो, की त्या मुलाच्या डोळ्यांतून समोरची वाळू दिसते? बाहेरून दिसणारी आठवण खोटीच असते असं नाही. जुन्या आठवणी पुष्कळदा तशाच होतात. पण ती पुन्हा पुन्हा सांगून घासली गेली असल्याची ती खूण आहे, म्हणून तिच्यावर "?" येऊ द्या.

न घडलेलंही आठवू शकतं, हे इथे मान्य करावं लागतं. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस यांनी १९९५ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात २४ जणांना, लहानपणी तुम्ही खरेदीच्या मोठ्या दुकानसंकुलात हरवला होतात, अशी बनवलेली गोष्ट घरच्यांच्या हवाल्यानं दिली गेली. सुमारे एक चतुर्थांश लोकांना ती पूर्णपणे किंवा अंशतः आठवू लागली. "लहानपणी मी बुडता बुडता वाचलो" ही गोष्ट किनाऱ्यावरच्या कितीतरी घरांत असते. कधी बुडणारा भाऊ असतो, आणि पुढे आठवण आपली होऊन बसते.

भरतीचं गणित: आठवणीची सर्वात स्वस्त तपासणी

समुद्राकाठच्या आठवणीला एक सोय आहे जी घाटावरच्या आठवणीला नाही. पाण्याची वेळ काढता येते.

भरती-ओहोटीचं चक्र चंद्रावर चालतं. एका भरतीपासून दुसरी भरती साधारण १२ तास २५ मिनिटांनी येते, म्हणजे रोज भरती पन्नासेक मिनिटं पुढे सरकते. यावरून किनाऱ्यावर पिढ्यान् पिढ्या वापरात असलेला हिशेब असा: तिथीच्या आकड्याला पाऊण तासाहून जरा जास्त, म्हणजे ४८ मिनिटांनी गुणा. पंचमी असेल तर ५ गुणिले ४८, म्हणजे २४० मिनिटं, म्हणजे चारच्या सुमाराला पूर्ण भरती. पहाटे एकदा, दुपारी एकदा. शुद्ध आणि वद्य दोन्ही पक्षांत मोजणी प्रतिपदेपासून नव्यानं सुरू करायची. ओहोटी त्यानंतर सहा-सव्वासहा तासांनी. हा हिशेब मुंबईच्या आसपास बराच जुळतो. दक्षिणेकडे भरती काहीशी आधी येते आणि खाडीत आत जावं तशी उशिरा, म्हणून तासभर इकडेतिकडे धरा. आठवणीच्या तपासणीला तेवढं पुरतं.

आता हे वापरा. "पौर्णिमेला भर दुपारी आम्ही ओल्या वाळूवर क्रिकेट खेळायचो" असं चिठ्ठीवर असेल तर गडबड आहे. पौर्णिमेला आणि अमावास्येला बाराच्या सुमाराला उधाणाची भरती असते. पुळणीचा बराच भाग पाण्याखाली असणार. त्या दिवशी लांबवर उघडी पडलेली वाळू मिळते ती सकाळी सहाच्या आणि संध्याकाळी सहाच्या सुमाराला. बायका कालवं आणि तिसऱ्या काढायला याच ओहोटीला जातात, कारण एरवी बुडालेले खडक आणि चर तेव्हाच उघडे होतात. अष्टमीच्या आसपास दुपारी ओहोटी असते खरी, पण ती भांगाची. पाणी फार लांब जात नाही.

तशीच एक चूक चांगल्या चांगल्या लेखनात सापडते: पौर्णिमेचा चंद्र संध्याकाळी समुद्रातून वर येतो. कोकणचा समुद्र पश्चिमेला आहे. चंद्र उगवतो डोंगराकडून आणि पहाटे समुद्रात मावळतो. ज्याला हा चंद्र समुद्रातून उगवताना आठवतो, त्याची आठवण बहुधा पडद्यावरून किंवा कॅलेंडरच्या चित्रातून आलेली आहे. वाऱ्याचंही तसंच. रात्री उशिरापासून सकाळपर्यंत जमिनीकडून समुद्राकडे वाहणारा मतलई वारा आणि दुपारी समुद्राकडून येणारा वारा, या दोघांवर शिडाच्या होड्यांची जायची-यायची वेळ बसलेली होती. भर दुपारी मतलईवर शीड भरून होडी निघाली, असं वाक्य जाणत्या वाचकाला लगेच खटकतं.

ऋतूची तपासणीही करा. जून-जुलैत भर समुद्रात गेलेली यांत्रिक होडी असेल तर थांबा. राज्याचा सागरी मासेमारी नियमन कायदा १९८१ चा आहे. बंदीच्या तारखा पुढे बदलत गेल्या. २०१५ पासून पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक नौकांना १ जून ते ३१ जुलै अशी ६१ दिवसांची बंदी आहे. त्याआधीच्या काळात रिवाज नारळी पौर्णिमेपर्यंत बाहेर न जाण्याचा. खाडीतली पावसाळी मासेमारी मात्र चालू असायची, तेव्हा आठवणीतली होडी खाडीत होती की बाहेर, ते विचारा. पावसाची आठवण महिन्यांपेक्षा नक्षत्रांतून लवकर सापडते. "मिरग लागला होता" म्हणजे जूनचा पहिला आठवडा उलटला होता. हस्ताचा गडगडाट म्हणजे सप्टेंबरची अखेर ते ऑक्टोबरचा पहिला पंधरवडा.

सालं बसवताना सार्वजनिक घटनांचे खुंटे मारा. लांबच्या घटना आपल्याला प्रत्यक्षापेक्षा अलीकडच्या वाटतात, म्हणून "पाचवीत असेन" हा अंदाज दोन वर्षांनी हुकू शकतो. कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा. १६ फेब्रुवारी १९८० च्या सूर्यग्रहणाला माणसं दारं लावून घरात बसली होती. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ ला झाला. १९७५ च्या प्रसंगात "सिंधुदुर्ग जिल्हा" आला तर तो आजच्या तुम्ही घुसवलेला आहे. मुंबईचा गिरणी संप १८ जानेवारी १९८२ पासूनचा, आणि कोकणातल्या घरांसाठी हा फार मोठा खुंटा आहे, कारण त्यानंतर कित्येक चाकरमानी गावी परतले आणि घरातल्या झोपायच्या जागांपासून जेवणाच्या पंगतीपर्यंत सगळं बदललं. कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर २६ जानेवारी १९९८ ला सुरू झाली. फयान वादळ ११ नोव्हेंबर २००९ चं, निसर्ग ३ जून २०२० चं. घरात कुणी रामदास बोट बुडाल्याची गोष्ट सांगत असेल तर ती तारीख १७ जुलै १९४७, आषाढी अमावास्येची.

कागद आणि पत्र्याची पेटी

शाळेच्या जनरल रजिस्टरमधून प्रवेशाची आणि शाळा सोडल्याची तारीख मिळते. तिथली जन्मतारीख १ जून असेल तर फार विश्वास ठेवू नका. त्या काळी गुरुजींनी सरसकट घातलेली ती तारीख आहे. सातबाऱ्यापेक्षा फेरफार जास्त बोलतो: कुणाचं नाव कधी लागलं, कुणाचं कमी झालं, बहिणींनी हक्क कधी सोडला. मच्छीमार सोसायटीची जुनी वही हाती लागली तर डिझेलची उधारी आणि कर्जाचे हप्ते दिसतात. घरातल्या पेटीत मनिऑर्डरची कुपनं असतील तर ती आधी बघा. खालच्या चिंचोळ्या जागेत मुंबईच्या माणसानं लिहिलेल्या दोन ओळींतून घराचं अख्खं अर्थकारण कळतं. फोटोंची मागची बाजू बघायला विसरू नका, स्टुडिओचा शिक्का तिथे असतो.

माणसांना विचारताना

सर्वात मोठी चूक: आपली आठवण आधी सांगून मग "असंच होतं ना?" विचारणं. समोरचा मान डोलावतो आणि त्याची आठवण तिथेच तुमच्यासारखी होते. आधी त्याला सांगू द्या. भावंडांना एकत्र बसवू नका. एकेकाला वेगळं विचारा, आणि दोघांचं बोलणं कागदावर आल्यावरच एकत्र आणा.

म्हाताऱ्या माणसाला पाऊण तास पुरे. "तुमच्या वेळी कसं होतं?" या प्रश्नाला "आता काय राहिलंय" हेच उत्तर येतं. कामाबद्दल विचारा. जाळं कोण विणायचं, किती दिवस लागायचे, फाटलं तर पहिला टाका कुठून घालायचा, मासळीचे वाटे कसे पडायचे, होडीवाल्याचा किती, जाळेवाल्याचा किती. हात हलायला लागले की समजा आठवण जागी झाली. बायकांना स्वतंत्र विचारा, आणि पुरुष घरात नसताना विचारा. मासळी समुद्रातून कशी आली हे सगळे सांगतात. ती डोक्यावरून बाजारात कशी गेली, भाव कुणी पाडला आणि उरलेली कुणी खारवली, हे फक्त त्याच सांगू शकतात.

रेकॉर्डिंग करण्याआधी परवानगी घ्या, आणि ते त्याच आठवड्यात उतरवून काढा. नंतर कोण हसलं, कोण गप्प झालं, हे विसरतं.

कामाचे शब्द

किनाऱ्यावरचं लेखन क्रियापदांवर उभं राहतं. "कोळी मासे पकडत होते" या वाक्यात माणूस दिसत नाही. रापण असेल तर ती पायरीपायरीनं लिहा: होडी जाळं सोडत अर्धवर्तुळ मारून परत किनाऱ्याला येते, दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावरच्या माणसांच्या हातात, दोन रांगा, पाय वाळूत रुतवून मागे मागे ओढणं, रांगेतला शेवटचा माणूस दोर टाकून पुन्हा पुढे पाण्याकडे, दोन्ही रांगा हळूहळू एकमेकींकडे सरकणं, शेवटी वाटे. यात तुम्ही कुठे होतात? दोरावर? वाट्याची टोपली घेऊन बाजूला? की वरच्या रस्त्यावर उभे? उत्तर काहीही असो, ते लिहा.

आपल्या गावचा शब्द वापरा. आगरी-कोळी वस्तीतला शब्द, संगमेश्वरी बोलीतला शब्द आणि मालवणी शब्द एकच नसतात. परिच्छेदात असे दोन-तीन शब्द असले की वाचक संदर्भानं समजून घेतो. आठ-दहा झाले की तो अडखळतो. प्रत्येक शब्दापुढे कंसात प्रमाण मराठी अर्थ देण्याची सवय मोडा. वाक्यातच वस्तू काम करताना दाखवली की अर्थ कळतो. बोली संवादात ठेवा, आणि ज्याच्या तोंडी ती होती त्याच्याच तोंडी ठेवा. शाळामास्तर वर्गात प्रमाण भाषेत बोलत असेल आणि घरी "माका", "तुका" म्हणत असेल, तर ती दोन्ही रूपं येऊ द्या. विनोदासाठी बोली आणि गंभीर विचारासाठी प्रमाण भाषा, अशी वाटणी मात्र नको. तिच्यातून लेखकाची स्वतःच्या माणसांबद्दलची लाज बाहेर पडते.

प्रसंग लिहिणं

साठ-सत्तर चिठ्ठ्यांतून दहा-बारा निवडा. निवडीचा निकष: ज्यात कुणाला तरी काही हवं होतं आणि ते सहज मिळत नव्हतं. नुसता देखावा असलेल्या चिठ्ठ्या बाजूला ठेवा, त्या इतर प्रसंगांत एखाद्या ओळीपुरत्या कामी येतात. एक प्रसंग आठशे ते बाराशे शब्दांचा.

आधी मुलाच्या नजरेनं लिहा. त्याला जे माहीत नव्हतं ते तुम्हालाही माहीत नाही असं धरा. उदाहरणार्थ, कच्चा खर्डा असा येतो: "बाबा समुद्रावर गेले की आई काळजीत असायची. दर्याचं जीवन किती कठीण!" हे आजच्या माणसाचं मत झालं. त्याच जागी: "दिवेलागणीला आई विहिरीवर दुसऱ्यांदा गेली. कळशी भरलेलीच होती. ती तशीच घेऊन गेली, आणि वरच्या पायरीवर उभी राहिली, जिथून खाडीचं तोंड दिसतं." मुलानं कळशी पाहिली. काळजी वाचकाला कळली.

"नेहमी", "रोज", "दरवर्षी" ही क्रियाविशेषणं तपासा. "आई रोज वाट बघायची" यापेक्षा एका ठराविक संध्याकाळी तिनं काय केलं ते बळकट. पण सगळंच एका दिवसावर ढकलू नका. तो दिवस नेमका आठवत नसेल आणि तुम्ही तीन दिवसांचा एक करत असाल, तर "अशा संध्याकाळी" म्हणा. वाचक फसवणूक सोडून बाकी सगळं माफ करतो. पन्नास वर्षांपूर्वीचे लांबलचक संवाद शब्दशः आठवत असल्याचा आव त्यातच मोडतो. एखादं वाक्य खरंच कानात राहिलेलं असतं, तेवढंच अवतरणात घ्या.

आपण कुठे सापडतो

इथवरची सगळी मेहनत या पायरीसाठी. आत्मपर लेखनात "मी कोण" याचं उत्तर विचार करून सापडत नाही. आठवण एक सांगते आणि नोंद दुसरं सांगते, अशा जागी ते सापडतं. म्हणून तपासणीत चुकलेली चिठ्ठी फाडू नका. ती वेगळ्या पाकिटात ठेवा. शेवटी तेच पाकीट सर्वात उपयोगी ठरतं.

एका कागदाचे तीन रकाने करा: मला काय आठवतं, कागद किंवा दुसरा माणूस काय सांगतो, आणि माझी आठवण अशी का झाली असेल. समजा, तुम्हाला आठवतं की वडील होडी विकून मुंबईला गेले. सोसायटीच्या वहीत होडी कर्जापोटी जप्त झाल्याची नोंद आहे. तिसऱ्या रकान्यात घाई करू नका. घरानं "विकली" हा शब्द वापरला, कारण त्यात इभ्रत राहत होती, आणि तुम्ही तो शब्द चाळीस वर्षं सांभाळला. का सांभाळला? याचं उत्तर दोन-तीन पानं मागतं, आणि ती पानं दुसरं कुणी लिहू शकत नाही.

दुसरा सराव आठवणीत नसलेल्यांचा. नकाशावरच्या कोऱ्या जागा आणि बंदीच्या खुणा पुन्हा काढा. किनाऱ्यावरच्या गावात समुद्र सगळ्यांचा असतो असं म्हणतात, पण पुळणीवर कोण फिरायला जायचं आणि कोण फक्त कामाला, विहिरीवर कोण कधी यायचं, माडाचा मालक कोण आणि माडावर चढणारा कोण, हे वाटलेलं असतं. खोताच्या घरातल्या मुलाला समुद्र देखावा म्हणून आठवतो. मच्छीमाराच्या मुलाला तो पुष्कळदा वास, कर्ज आणि झोपमोड म्हणून आठवतो. मुलींच्या आठवणींत ठराविक वयानंतर समुद्र लांब जातो, कारण तिथे जाणंच बंद झालेलं असतं. तुमच्या चिठ्ठ्यांत समुद्र कुठल्या अंतरावर आहे ते मोजा: पायाशी, खिडकीत, की नुसता कानावर. ते अंतर वयाबरोबर कसं बदललं हे मांडलं, तरी लेखनाला कणा मिळतो.

गाव सोडलेल्यांनी आणखी एक प्रश्न घ्यावा: परत गेल्यावर मी काय शोधतो आणि तिथल्या माणसाला ते का नको आहे? जुनं कौलारू घर तसंच राहावं असं पाहुण्याला वाटतं. कौलं दरवर्षी शाकारणाऱ्याला पत्रा हवा असतो. या जागी "गाव बदललं" असं लिहून मोकळं होणं सोपं आहे, आणि तिथेच लेखन मरतं.

दुसऱ्यांची अब्रू

चाळीस घरांच्या वाडीत नाव बदलून काही साधत नाही. "एक लंगडा तांडेल" म्हटलं तरी सगळ्यांना कळतं. दारू, अनौरस मूल, मारहाण, जमिनीची फसवणूक असं काही येत असेल तर आधी ठरवा: हे माझ्या गोष्टीला लागतंय का, की फक्त रंगत आणतंय? रंगतीसाठी असेल तर काढा. लागत असेल तर त्या माणसाला किंवा त्याच्या घरच्यांना तो भाग छापण्याआधी वाचून दाखवा. पुष्कळदा ते आणखी काही सांगतात आणि मजकूर सुधारतो. कायदाही लक्षात ठेवा. बदनामीचं कलम आता भारतीय न्याय संहितेत ३५६ आहे, आणि घरच्यांच्या भावना दुखावण्याच्या हेतूनं मृत व्यक्तीवर केलेला आरोपही बदनामी ठरू शकतो. "ते तर गेले" ही सबब चालत नाही.

जुळणी

दहा-बारा प्रसंग तयार झाले की जमिनीवर पसरा. वयाच्या क्रमानं लावणं हा सोपा मार्ग, आणि बहुधा सर्वात कंटाळवाणा. दोन पर्याय करून बघा. एक, वर्षाच्या चक्रानं: नारळी पौर्णिमेपासून मिरगापर्यंत, वर्षं वेगवेगळी असली तरी. दुसरा, जागेनं: नकाशावर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालत जायचं आणि वाटेत जो प्रसंग जिथे घडला तो तिथे. विसंगतीच्या पाकिटातली पानं मध्ये पेरा, शेवटी एकत्र ठेवू नका. नाहीतर ती प्रायश्चित्तासारखी वाटतात.

खर्डा तीन आठवडे झाकून ठेवा. मग मोठ्यानं वाचा आणि तीन रंगांनी खुणा करा. एक रंग विशेषणांना: "अथांग", "निळाशार", "रम्य", "गूढ" दिसले की काट मारा, वाक्य तग धरतं का बघा. दुसरा रंग खाद्यपदार्थांच्या यादीला: सोलकढी, घावणे, फणस एका दमात येत असतील तर एक ठेवा आणि तो कुणी, कुठल्या भांड्यात, कुणाच्या आधी कुणाला वाढला ते लिहा. तिसरा रंग "मला कळलं की", "मी शिकलो की" अशा वाक्यांना. त्यातली निम्मी तरी जातात, कारण आधीच्या प्रसंगानं ते सांगून झालेलं असतं.

शेवटचं वाचन दोघांकडून करून घ्या. एक घाटावरचा, ज्याला रापण माहीत नाही. तो कुठे हरवतो ते बघा. दुसरा त्याच गावचा, शक्यतो तुमच्याशी न पटणारा. त्याला "कसं वाटलं?" विचारू नका. "कुठे खोटं वाटलं?" विचारा आणि तो बोलत असताना पेन खाली ठेवू नका.